सायलेन्सरमधली माती

वरसावे नाक्याजवळच्या एका पत्र्याच्या शेडमध्ये हत्यारांच्या फळीच्या वर आणखी एक फळी आहे. तिच्यावर राखाडी मातीचे तुकडे मांडलेले आहेत. काही मुठीएवढे, काही अर्ध्या विटेएवढे. जवळ जाऊन पाहिलं तर प्रत्येक तुकड्यात मधाच्या पोळ्यासारखी बारीक चौकोनी भोकं दिसतात. कुठे ती वितळून एकमेकांत बुजली आहेत, कुठे काळ्या काजळीने भरली आहेत, कुठे तुकडा उभा चिरला आहे. प्रत्येकाखाली फळीवर खडूने एकेक शब्द लिहिला आहे. तेल. मिसफायर. पाणी. रॉकेल. कडेच्या एका तुकड्याखाली फक्त ‘मी’ असं लिहिलं आहे.

गॅरेजचे मालक, ज्यांना सगळा नाका ‘मिस्त्री’ म्हणूनच ओळखतो, गाडीचा कन्व्हर्टर काढून टाका म्हणणाऱ्या गिऱ्हाइकाला आधी या फळीसमोर उभं करतात. गेली काही वर्षं त्यांनी हा नेम धरला आहे. त्याआधीची बरीच वर्षं त्यांनी स्वतःच असे कन्व्हर्टर काढले, फोडले, त्यांच्या जागी साधा पाइप जोडला. किती, याचा हिशोब त्यांच्याकडे नाही. शंभराच्या वर नक्की, असं ते सांगतात, आणि सांगताना नजर खाली जाते.

ही माती म्हणजे कॅटॅलिटिक कन्व्हर्टरचं काळीज. गॅरेजच्या भाषेत ‘कॅट’ किंवा ‘जाळी’. इंजिनातून निघालेला वायू सायलेन्सरकडे जाताना या जाळीतून गाळून निघतो, असं पुष्कळांना वाटतं. पण ही गाळणी नव्हे. जाळीच्या प्रत्येक भोकाच्या आतल्या भिंतीवर अ‍ॅल्युमिनाचा खरखरीत लेप असतो आणि त्या लेपात प्लॅटिनम, पॅलेडियम आणि ऱ्होडियम या धातूंचे डोळ्यांना न दिसणारे कण विखुरलेले असतात. एका गाडीत सगळे मिळून काही ग्रॅम. वायू तापलेल्या जाळीला घासून जाताना कार्बन मोनॉक्साइडला ऑक्सिजन मिळतो आणि त्याचा कार्बन डायऑक्साइड होतो. न जळलेलं पेट्रोल तिथे जळतं. नायट्रोजनच्या ऑक्साइडांमधला ऑक्सिजन सुटतो आणि साधा नायट्रोजन उरतो. हे सगळं निमिषार्धात होतं आणि धातू खर्च होत नाही. अट दोन गोष्टींची: जाळी अडीचशे-तीनशे अंशांच्या वर तापलेली हवी आणि इंजिनात पेट्रोल व हवा यांचं प्रमाण नेमकं हवं, एक भाग पेट्रोलला १४.७ भाग हवा. गाडीचा कॉम्प्युटर ऑक्सिजन सेन्सरच्या मदतीने हे प्रमाण सतत सांभाळत असतो. तापलेला, धडधाकट कन्व्हर्टर या तिन्ही विषांचा नव्वद टक्क्यांहून जास्त भाग संपवतो.

मिस्त्रींना हे पहिल्या दहा-बारा वर्षांत कुणी सांगितलं नाही. त्यांच्या उस्तादालाही ते कुणी सांगितलं नव्हतं.

ते कोकणातून दहावी होऊन आले आणि हेल्पर म्हणून लागले, तो काळ या यंत्राच्या आगमनाचाच होता. एप्रिल १९९५पासून मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रास या चार महानगरांत नव्या पेट्रोल गाड्यांना कन्व्हर्टर सक्तीचा झाला आणि त्यासाठी तिथल्या पंपांवर शिसेविरहित पेट्रोल आलं. देशभर शिशाचं पेट्रोल बंद व्हायला मात्र १ फेब्रुवारी २००० उजाडावा लागला. मधल्या पाच वर्षांत मुंबईच्या नव्या गाड्या गणपतीला, मे महिन्यात, लग्नकार्याला गावी जात आणि वाटेत मिळेल ते पेट्रोल भरत. शिसं त्या मौल्यवान लेपावर थर देऊन बसतं. मग जाळी जागेवर असते, पण काम करत नाही. कन्व्हर्टरची कल्पना प्रत्यक्षात आणणाऱ्या यूजीन हूड्री या फ्रेंच इंजिनिअरचाही घात अमेरिकेत १९५०च्या दशकात नेमका याच शिशाने केला होता. लॉस एंजेलिसचा धुरकट आसमंत पाहून त्याने यंत्र बनवलं, पण तिथलं पेट्रोलच त्याला जगू देईना. शिसेविरहित पेट्रोल आल्यावर, १९७५च्या मॉडेलपासून, ते अमेरिकी गाड्यांत सर्रास बसू लागलं. वीस वर्षांनी आपल्याकडे त्याच चुकीची एक छोटी आवृत्ती निघाली.

उस्तादाचा इलाज सोपा होता. कन्व्हर्टर खाली उतरवायचा, सळई घालून हातोड्याने आतली माती फोडायची, उलटा करून झटकायचा आणि रिकामं डबडं परत जोडायचं. बाहेरून सगळं तसंच दिसे. पोऱ्याचं काम झटकण्याचं. राखाडी धूळ आणि जाळीभोवतीचं पांढरं, कापसासारखं अस्तर नाकातोंडात जाई. तोंडावर रुमाल बांधायचं कुणाच्या मनातही येत नसे. गिऱ्हाईक गाडी चालवून बघे आणि म्हणे, “आता कशी मोकळी झाली!” ती खरंच मोकळी झालेली असे. बुजलेली जाळी म्हणजे नाक दाबलेला माणूस. बोळा काढला की श्वास सुटतो. म्हणूनच हा इलाज अंगवळणी पडला. बोळा नाकात आला कुठून, हे विचारायचं मात्र राहून गेलं.

तो प्रश्न न विचारल्याची किंमत फळीवरच्या ‘मी’ लिहिलेल्या तुकड्यात आहे.

तोवर त्यांचं वरसाव्याला स्वतःचं गॅरेज झालं होतं. एक छोटी गाडी आली. मालक भाईंदरचे, नोकरीला ठाण्यात. तक्रार एकच: गायमुखच्या घाटात गाडी चढत नाही, पिकअप मरतो. कन्व्हर्टर उतरवला तर आतली माती एका बाजूने वितळून काचेसारखी झालेली. मिस्त्रींनी नेहमीप्रमाणे ती फोडली, डबडं जोडलं, पैसे घेतले. डॅशबोर्डवर चेक इंजिनचा पिवळा दिवा लागून राहिला. मालकांनी फोन केला तेव्हा उत्तर तयार होतं: “जाळी काढली की तो लागतोच, काही होत नाही.”

दिवा जाळीसाठी लागला होताच. पण तो आधीपासूनही लागत होता, आणि दुसऱ्याच कारणाने. एका सिलिंडरची कॉइल मधूनमधून ठिणगी चुकवत होती, त्या सिलिंडरमधलं पेट्रोल न जळताच बाहेर पडत होतं आणि जाळीत जाऊन पेटत होतं. माती वितळली ती त्या आगीने. जाळी गेली, पण कॉइल तशीच राहिली. न जळलेलं पेट्रोल सिलिंडरच्या भिंतीवरचं तेल धुऊन काढत राहिलं, खाली उतरून इंजिन ऑइलमध्ये मिसळत राहिलं. सात-आठ महिन्यांनी गाडी टो करून आली ती बेअरिंग जाऊनच. ऑइल काढलं तर पाण्यासारखं पातळ आणि पेट्रोलच्या वासाचं. इंजिन पूर्ण खोलावं लागलं.

एका कॉइलला लागले असते ते पैसे आणि इंजिनला लागले ते, यांतला फरक त्या माणसाचा दोन महिन्यांचा पगार होता. मिस्त्रींनी मजुरी घेतली नाही. पण त्यांना त्याहून जास्त बोचलं ते दिव्याचं. तो दिवा गाडी बोलू शकते अशी एकमेव जागा होती, आणि ‘तो लागतोच’ असं सांगून त्यांनी मालकाचे कान बंद केले होते. पाइप लावलेल्या प्रत्येक गाडीत हेच घडतं. दिवा कायम जळत राहतो, मग उद्या खरोखर काही बिघडलं तरी वेगळं काही दिसत नाही. कन्व्हर्टर काढण्याच्या दुष्परिणामांची चर्चा होते तेव्हा धूर, वास, आवाज, दंड हे सगळं येतं. गाडी मुकी होते, हे क्वचितच कुणी बोलतं.

तिथपासून मिस्त्री कारणं शोधू लागले. जाळी आपोआप मरत नाही, तिला काहीतरी मारतं, हे ते एकेक गाडी खोलून शिकले. रिंगा झिजलेलं इंजिन तेल जाळतं आणि तेलातलं फॉस्फरस लेपावर बसतं. हेड गॅस्केट गळून कूलंट आत शिरलं तरी तेच. भेसळीच्या पेट्रोलने जाळी काळी पडते. बॅटरी उतरलेली गाडी लांबवर ढकलून सुरू करायची सवय तिला सोसत नाही, कारण प्रत्येक धक्क्याला कच्चं पेट्रोल पुढे जातं. २६ जुलै २००५च्या पुरानंतर आलेल्या गाड्यांमध्ये त्यांनी पहिल्यांदा उभी चिरलेली माती पाहिली. लालबुंद तापलेला कन्व्हर्टर थंड पाण्यात बुडाला की चिनी मातीच्या कपासारखा तडकतो. आजही पहिल्या मोठ्या पावसात खाडीपलीकडे वसईच्या बाजूला हायवेवर पाणी साचलं की पुढच्या आठवड्यात खडखडणाऱ्या एक-दोन गाड्या येतातच. कुणी सिलिकॉनचा साधा सीलंट भसाभसा लावून इंजिन जोडलेलं असतं, त्याच्या वाफेने आधी सेन्सर आंधळा होतो, मग जाळी.

हे शिकायला कुठला वर्ग नव्हता. स्कॅनर घेतला तेव्हा त्यावरचं इंग्रजी वाचायला मुलीची मदत लागली. पण पडद्यावरच्या दोन रेघा त्यांना लगेच कळल्या. कन्व्हर्टरच्या आधीचा सेन्सर सतत वरखाली नाचतो. नंतरच्या सेन्सरची रेघ शांत, जवळजवळ सपाट राहिली तर मधली जाळी जिवंत. दुसरी रेघही पहिलीसारखीच नाचू लागली की जाळी मेली. P0420 हा कोड उमटतो तो यावरूनच. त्यात भर म्हणून ते पुढच्या सेन्सरच्या भोकात गेज लावून दाब बघतात, जाळी बुजली आहे का हे त्यातून कळतं. रबरी हातोडीने हलकेच ठोकून आतली खडखड ऐकतात. ही सगळी तपासणी अर्ध्या तासाची. जाळी फोडायला जेवढा वेळ लागायचा त्याहून कमी.

या मातीला पैसे मिळतात, हे त्यांना भंगारवाल्याकडून कळलं. आधी तो रिकाम्या डबड्यासकट किलोवर घ्यायचा. मग एक दिवस त्याने डबडं बाजूला ठेवून मातीचाच भाव विचारला. पुढे तो भाव चढत गेला. २०२१मध्ये जगाच्या बाजारात ऱ्होडियमचा दर औंसाला २९ हजार डॉलरच्या आसपास पोहोचला, सोन्याच्या कितीतरी पट. नाक्यावरच्या गॅरेजवाल्यांना ऱ्होडियम हा शब्द माहीत नव्हता, पण ‘ओरिजनल माती’ आणि ‘डुप्लिकेट माती’ हा भेद सगळ्यांना कळू लागला.

इथे मिस्त्री एक गोष्ट लपवत नाहीत. त्या दिवसांत त्यांनी काही गिऱ्हाइकांची माती विकली आणि पैसे स्वतःकडे ठेवले. गिऱ्हाइकाला ते टाकाऊ वाटत होतं, त्याने मागितलं नाही, यांनी सांगितलं नाही. एक-दोनदा तर जाळी पुरती मेलेली नसतानाही ‘काढून टाकलेली बरी’ असा सल्ला त्यांच्या तोंडून गेला. सल्ला देताना डोळ्यांसमोर भंगारवाल्याचा भाव होता का, असं विचारलं तर ते ‘हो’ म्हणतात. मला हा कबुलीजबाब त्यांच्या सगळ्या ज्ञानापेक्षा मोलाचा वाटतो, कारण या धंद्यात नेमकं इथेच पाणी मुरतं. काढल्याचे पैसे ज्याला मिळतात आणि दुरुस्तीचे श्रम ज्याचे वाचतात, त्या माणसाचा सल्ला सरळ राहणं कठीण.

मातीचा भाव वाढला तशा चोऱ्या सुरू झाल्या. महाराष्ट्रात आणि गुजरातेत इको गाड्यांचे सायलेन्सर रातोरात गायब होऊ लागले. या गाडीची बांधणी अशी की माणूस जॅक न लावता खाली सरकू शकतो आणि कन्व्हर्टर पान्याने सुटतो. मालक सकाळी चावी फिरवतो आणि सगळी चाळ जागी होईल असा आवाज येतो, तेव्हा त्याला चोरी कळते. पुणे परिसरात, गुजरातेत टोळ्या पकडल्या गेल्याच्या बातम्या आल्या, तेव्हा वर्तमानपत्रांतही ‘सायलेन्सरमधील माती’ हाच शब्द छापून आला.

अशीच एक इको त्यांच्याकडे आली. शाळेची मुलं ने-आण करणारी. मालक स्वतःच ड्रायव्हर, गाडी कर्जाची. नव्या कन्व्हर्टरचं एस्टिमेट ऐकून तो तिथेच खाली बसला. “मिस्त्री, सोमवारी शाळा आहे. काहीतरी करा.” मिस्त्रींनी पाइप वाकवला, दोन्ही टोकांना फ्लँज वेल्ड केल्या, मागच्या सेन्सरला स्पेसर लावला. स्पेसर म्हणजे बोटाच्या पेराएवढी एक पोकळ नळी. तिच्यामुळे सेन्सर वायूच्या प्रवाहापासून थोडा दूर राहतो, त्याला वाटतं सगळं ठीक आहे, आणि दिवा लागत नाही. हा सगळा जोडकामाचा खर्च कन्व्हर्टरच्या किमतीचा लहानसा अंश. ड्रायव्हरने हात जोडले.

पावसाळा गेला. नाक्यालगतच्या खाडीपुलावरची कोंडी नेहमीचीच. २०१३च्या अखेरीस जुन्या पुलाच्या गर्डरला तडा गेला, तेव्हापासून या नाक्याने कोंडीचे सगळे अवतार पाहिले आहेत, आणि २०२३मध्ये शेजारचा नवा पूल सुरू झाल्यावरही घोडबंदर रस्त्यावर काम निघालं की रांग चेण्यापर्यंत जाते. अशा रांगेत मुलांना मळमळू लागलं. एकाला उलटी झाली, दुसरीचं डोकं दुखलं. ‘गाडी लागते’, असं सगळ्यांनी धरलं. ड्रायव्हरने लिंबू ठेवलं, आल्याच्या वड्या ठेवल्या. काच बंद ठेवली, कारण बाहेर ट्रकचा धूर. एका मुलीची आई दवाखान्यात नर्स होती. ती एके दिवशी गॅरेजवरच आली आणि म्हणाली, “दादा, सुट्टीत हीच पोरं एसटीने गावी जातात, एकालाही गाडी लागत नाही. मग याच गाडीत सगळ्यांना कशी लागते?”

मिस्त्रींनी ओळखीच्या पीयूसीवाल्याला बोलावलं. गाडी चालू ठेवून, काचा बंद करून, मशीनची नळी मधल्या सीटवर धरली. मशीन धुराड्यासाठी बनवलेलं, टक्क्यांत आकडा दाखवणारं. थोड्या वेळाने कार्बन मोनॉक्साइडचा आकडा आला ०.०३. दिसायला क्षुल्लक. पण हवेच्या दहा लाख भागांत तीनशे भाग. एवढ्या हवेत दोनेक तास बसलं तर मोठ्या माणसाचंही डोकं ठणकतं. या वायूला वास नाही, रंग नाही. रक्तातल्या हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनपेक्षा दोनशेहून अधिक पटीने घट्ट चिकटतो. मूल गुदमरत नाही, नुसतं मलूल होतं.

गाडी खड्ड्यावर घेतली. त्यांनीच वेल्ड केलेल्या फ्लँजला केसाएवढी चीर होती, आणि गाडीच्या तळाच्या रबरी बुचांपैकी एक निखळलं होतं. कन्व्हर्टर असतानाही सांधा गळू शकतो, हे खरं. पण धडधाकट कन्व्हर्टरमधून निघालेल्या वायूत हे विष नावापुरतं उरतं. त्यांच्या पाइपातून ते जसंच्या तसं, इंजिनातून निघालेलं, टक्क्याच्या हिशोबात वाहत होतं, आणि चीर बरोबर मुलांच्या पायांखाली होती. दिवा लागला नाही, कारण दिव्याला फसवायची सोयही त्यांनीच केली होती.

त्या रात्री ते घरी जेवले नाहीत, एवढंच त्यांनी सांगितलं. दुसऱ्या दिवशी उधारीवर कन्व्हर्टर मागवला आणि ड्रायव्हरकडून महिन्याच्या हप्त्याने पैसे घेतले. गाडीखाली जाळीचा पत्रा वेल्ड करून दिला, चोराला पान्याने सहज सुटू नये म्हणून. तेव्हापासून त्यांच्या गॅरेजमध्ये पाइप लागत नाही.

नाही म्हणायला लागल्यावर गिऱ्हाईक कमी झालं. ‘समोरचा हजारात करून देतो,’ हे ऐकायची सवय झाली. पोरं येतात, फटफट आवाजाचा एक्झॉस्ट हवा असतो. जाळी काढली की गाडी पळते, असं त्यांनी कुठेतरी पाहिलेलं असतं. बुजलेली जाळी काढल्यावर गाडी सुधारते, हे खरंच. पण चांगल्या जाळीचा अडथळा आजच्या बाराशे सीसीच्या गाडीत इतका थोडा असतो की काढून मिळणारी ताकद पायाला जाणवत नाही, जाणवतो तो आवाज. मिस्त्री त्यांना हेच सांगतात आणि एखाद्याला गाडीत बसवून घाटात नेऊन दाखवतात.

दुसरा पर्याय स्वस्त कन्व्हर्टरचा. बाहेरून चकचकीत स्टेनलेस, आत जाळीही असते. पण मोल जाळीचं नसतं, लेपाचं असतं, आणि लेप डोळ्यांना दिसत नाही. दोन-तीन गाड्यांना त्यांनी असे बसवून पाहिले. सहा महिन्यांत मागची रेघ पुन्हा नाचू लागली. ज्याने सगळ्यात जास्त विश्वासाने घेतला त्याचेच पैसे बुडाले. आता ते गिऱ्हाइकाला सरळ सांगतात: कंपनीचा किंवा मान्यताप्राप्त नसेल तर थांबा, पैसे जमवा, तोवर मी कॉइल, प्लग, सेन्सर नीट करून देतो. जाळी अर्धमेली असेल तर कारण दूर केल्यावर ती कधीकधी सावरते. काजळीने भरलेली असेल तर हायवेवर तापून बरीच मोकळी होते. वितळलेली किंवा शिशाने मारलेली मात्र परत येत नाही, बाटलीतलं कुठलंही औषध टाकीत ओतलं तरी.

पीयूसीचं काय, असं गिऱ्हाईक विचारतं. नियम कडक आहे. बीएस-४च्या पेट्रोल गाडीला आयडलिंगवर कार्बन मोनॉक्साइड ०.३ टक्के आणि हायड्रोकार्बन २०० पीपीएमच्या आत लागतात. पाइप लावलेली गाडी सरळ तपासली तर बहुधा नापास होते. मग कागद दुसऱ्या वाटेने मिळवला जातो, गाडी न तपासता. मिस्त्रींनी अशी प्रमाणपत्रं पाहिली आहेत. मोटार वाहन कायद्यात २०१९च्या दुरुस्तीनंतर प्रदूषणाच्या उल्लंघनाला दहा हजारांपर्यंत दंड, तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकतात, आणि परवानगीशिवाय गाडीत फेरफार करणाऱ्या मालकालाही प्रत्येक फेरफारामागे पाच हजारांचा दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. नाक्यावर यामुळे कुणी तुरुंगात गेल्याचं त्यांनी पाहिलेलं नाही.

पण मला त्यांचं पुढचं बोलणं जास्त महत्त्वाचं वाटलं. पीयूसीचं मशीन प्रामाणिकपणे लावलं तरी ते नायट्रोजनचे ऑक्साइड मोजतच नाही. ऱ्होडियम ज्यासाठी घातलं, जगाने ज्याच्यासाठी औंसाला हजारो डॉलर मोजले, ते काम तपासायची सोय नाक्यावरच्या तपासणीत नाही. हाच वायू दुपारच्या उन्हात इतर वायूंशी मिळून ओझोन बनवतो, दम्याच्या माणसाची छाती आवळतो. तो मोजणारं नाक्यावर कुणीच नसेल, तर तो रोखण्याचं काम त्या जाळीचं आणि ती न काढणाऱ्या मिस्त्रीचं.

हल्ली ट्रकवाले येतात. एप्रिल २०२०पासूनच्या बीएस-६ डिझेल ट्रकमध्ये युरियाची वेगळी टाकी असते. ३२.५ टक्के युरियाचं द्रावण धुरात फवारून नायट्रोजनचे ऑक्साइड मोडायचे, अशी रचना. युरिया संपला की ट्रकची ताकद मुद्दाम कमी होते. ड्रायव्हर म्हणतात, “युरिया बंद करून द्या.” त्यासाठी एक छोटी डबी मिळते, ती जोडली की ट्रकच्या कॉम्प्युटरला वाटतं युरिया फवारला जातोय. डिझेलच्या कारवाल्यांची तक्रार वेगळी. त्यांच्या काजळी पकडणाऱ्या फिल्टरला स्वतःला जाळून साफ करायला सलग वेगाने चालणारा रस्ता लागतो, आणि रोज वरसावे ते माजिवडा कोंडीत रांगणाऱ्या गाडीला तो मिळतच नाही. इथे मिस्त्रींना मालकाचा राग येत नाही. रस्ता फिल्टरला आजारी पाडतो आणि दंड मालक भरतो. आठवड्यातून एकदा पहाटे खाडीपलीकडे मनोरपर्यंत गाडी सलग पळवून आणा, एवढाच उपाय त्यांना सापडला आहे. काहींना तो पुरतो.

एक धोका कन्व्हर्टरचा स्वतःचाही आहे आणि तो ते न विसरता सांगतात. खालचा उष्णतारोधक पत्रा खडखडतो म्हणून लोक काढून टाकतात. मार्च-एप्रिलमध्ये राष्ट्रीय उद्यानाच्या कडेने वाळलेल्या गवतावर अशी गाडी उभी केली तर गवत पेटायला वेळ लागत नाही. पत्रा दोन क्लॅम्पने घट्ट होतो. ते काम ते फुकट करून देतात.

परवा संध्याकाळी एक जुनी सीएनजी गाडी आली. जाळी पूर्ण मेलेली, रेघ नाचणारी. मालकाने फळी पाहिली, ‘मी’ का लिहिलंय ते विचारलं, ऐकून घेतलं आणि नवा कन्व्हर्टर घालायला तयार झाला. हेल्परने जुनी माती उचलून फळीवर ठेवली, खडू हातात घेतला आणि विचारलं, “काका, हिच्याखाली काय लिहू?”

मिस्त्री गाडीखालून बाहेर आले, हात पुसले. पुलावरून गुजरातच्या ट्रकांची रांग सरकत होती.

“आत्ताच नको लिहूस,” ते म्हणाले. “आधी चारही प्लग काढून आण.”